गिमवीची गोगलगाय

पावसाळा लागला की आपल्याकडे लेप्टोची चर्चा सुरू होते. उंदराचं मूत, चिखल, पायाची जखम, ताप. कर्जत-खालापुरात भात लावणाऱ्या बायकांनाही हे आता पाठ आहे. गोगलगायीचं नाव मात्र कुणी घेत नाही. म्हणून ही जुनी हकिकत, आपल्याच कोकणातली.

रत्नागिरी जिल्ह्यात गुहागर तालुक्यात गिमवी नावाचं गाव आहे. १९५२ साली गाडगीळ आणि शहा या संशोधकांनी जाहीर केलं, की इथल्या लोकांच्या लघवीतून रक्त जातंय ते बिल्हार्झियामुळे. हा रोग इजिप्तचा, आफ्रिकेचा. भारतात सापडलाच तर तो बाहेरून आलेल्या माणसात, अशी तोवरची समजूत. गिमवीच्या लोकांना तर तो गावातच होत होता.

बिल्हार्झ या जर्मन डॉक्टरला हा कृमी कैरोत १८५१ साली सापडला. पण मध्ये गोगलगाय आहे हे इजिप्तमध्ये सिद्ध व्हायला १९१५ उजाडलं. रोग्याच्या लघवीतून अंडी पाण्यात जातात. त्यातून निघालेली पिल्लं गोगलगायीत शिरतात, तिथं वाढतात, हजारोंनी बाहेर पडतात आणि पाण्यात उभ्या असलेल्या माणसाच्या कातडीतून थेट आत घुसतात. ते पाणी प्यायलाच पाहिजे असं नाही. कपडे धुवायला, पोहायला उतरलं तरी पुरे. गिमवीत संशय आला तो फेरिसिया नावाच्या गोगलगायीवर. काही मिलिमीटरची, टोपीसारखं कवच, दगडाला नाहीतर पाल्याला चिकटलेली. ‘गोगलगाय अन् पोटात पाय’ म्हणतात ते इथं अगदी शब्दशः खरं!

पुढे गायतोंडे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनीही या गावाचा अभ्यास केला. त्यांचा लेख १९८१ सालचा. म्हणजे पहिल्या शोधानंतर जवळजवळ तीस वर्षांनी. एवढं होऊनही कोकणातल्या किती जणांना गिमवीचं नाव या कारणासाठी माहीत आहे? मी पत्रकारितेत इतकी वर्षं काढली, एकाही आरोग्य शिबिरात ते ऐकलं नाही.

आता आपल्याकडे या. आपल्या तालुक्यांत बिल्हार्झिया आहे असं मी म्हणत नाही, उगाच घाबरू नका. पण गोगलगायीला लागतं ते बारमाही पाणी, आणि ते आपल्याकडे शंभर वर्षांपासून आहे. टाटांचं खोपोलीचं वीजघर १९१५ चं, भिवपुरीचं १९२२ चं. तिथून सुटलेलं पाणी पाताळगंगेला, पेजेला येतं. राजनाल्यावर उन्हाळी भात होतो, हे त्या पाण्याचं देणं. इजिप्तमध्येही बारमाही कालवे आले आणि त्यांच्या मागोमाग बिल्हार्झिया वाढला.

आपल्याकडे जास्त फटका बसतो तो जनावरांना. गोगलगायीतून बाहेर पडलेला लिव्हर फ्लूक ओल्या गवतावर चिकटून राहतो. म्हैस ते खाते, रोडावते, दूध आटतं, जबड्याखाली पाण्याची सूज येते. लोक म्हणतात, चारा कमी पडला. गुरांचा बिल्हार्झिया वेगळा, त्याची एक जात नाकात गाठी करते आणि बैल घोरायला लागतो. या गुरांच्या कृमींची पिल्लं चुकून माणसाच्या कातडीत शिरली तर तिथंच मरतात, पण खाज भयंकर सुटते. लावणीत बायकांच्या पोटऱ्यांना उठणारी सगळी खाज यामुळेच, असं नाही. पण ‘चिखलाची खाज’ म्हणून आपण विषय संपवतो, तो इतक्यात संपत नाही.

बागांमधून फिरणारी मोठी आफ्रिकन गोगलगाय हा आणखी वेगळा प्रकार. १८४७ साली कोलकात्यात कुणा साहेबानं मॉरिशसहून आणून सोडली, असं सांगतात. तिच्यात उंदराच्या फुप्फुसातल्या कृमीची पिल्लं असू शकतात, ती पोटात गेली तर मेंदूपर्यंत पोचतात. तिला उचलायचं तर हातात पिशवी घालून, आणि बागेतली पालेभाजी कच्ची खायची नाही.

गुरांचं काम त्याहून सोपं आहे. ज्यांच्या दावणीला म्हैस आहे त्यांनी पशुवैद्यकीय दवाखान्यात शेणाचा नमुना घेऊन जा आणि ‘फ्लूकची अंडी बघा’ असं नाव घेऊन सांगा. नुसतं ‘जंताचं औषध द्या’ म्हटलं तर मिळेल ते औषध फ्लूकवर चालेलच असं नाही.