'गाया' परिकल्पना आणि तिचा कर्ता

पृथ्वी ही स्वतःचे नियमन स्वतः करणारी सजीव व्यवस्था आहे, ही कल्पना विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात 'गाया' या नावाने प्रसिद्धीस आली. तिच्याविषयी झालेला वाद बहुधा वस्तुस्थितीविषयीचा म्हणून सांगितला जातो : वातावरणातील ऑक्सिजनचे प्रमाण स्थिर का, समुद्राची क्षारता सतत वाढत का नाही, इत्यादी. तो तसा होताही. तथापि त्या वादातील मूळ लेख क्रमाने वाचले असता असे आढळते, की मतभेदाचा मोठा भाग पुराव्यापेक्षा वाक्यरचनेशी निगडित होता. 'नियमन करणे' या सकर्मक क्रियापदाचा कर्ता कोण, हा तो प्रश्न होय. त्याचे उत्तर अनेकदा बदलले, आणि प्रत्येक बदलाबरोबर ही परिकल्पना कोणत्या शास्त्राच्या कक्षेत येते हेही बदलत गेले.

परिकल्पनेचे पूर्वज शोधताना जेम्स हटन या स्कॉटिश भूवैज्ञानिकापासून आरंभ करण्याची प्रथा आहे. हटन मूळचा वैद्यकाचा विद्यार्थी. १७४९ मध्ये लायडन येथे त्याने पदवीसाठी सादर केलेल्या प्रबंधाचा विषय रक्ताभिसरण हा होता. पृथ्वीविषयीचा आपला सिद्धान्त त्याने १७८५ मध्ये एडिंबरो येथील रॉयल सोसायटीपुढे मांडला व १७८८ मध्ये तो छापून आला. पृथ्वी हे केवळ झिजत जाणारे यंत्र मानावे, की झीज भरून काढणारा देह मानावा, असा प्रश्न तो तेथे उपस्थित करतो. एवढ्यावरून त्याला 'गाया'चा जनक ठरविणे मात्र घाईचे आहे. हटनच्या वाक्यात योजना करणारा ईश्वर आहे. पृथ्वी कर्मस्थानी आहे. 

एदुआर्त झ्यूस याने १८७५ मध्ये आल्प्सवरील ग्रंथात 'जीवावरण' या अर्थाचा शब्द प्रथम योजला, आणि व्लादिमिर व्हेर्नाद्स्की याने १९२६ मध्ये त्याच नावाचा ग्रंथ लिहून सजीवसृष्टी ही एक भूवैज्ञानिक शक्ती असल्याचे प्रतिपादन केले. येथे कर्ता प्रथमच जीव झाला; पण तो बदल घडविणारा कर्ता होता, समतोल राखणारा नव्हे. समतोलाचा शब्द दुसरीकडून आला. 'होमिओस्टॅसिस' म्हणजे समस्थिती, ही संज्ञा अमेरिकन शरीरक्रियावैज्ञानिक वॉल्टर कॅनन याने १९२६ मध्ये घडविली. ती एका देहापुरती होती : रक्तातील साखर, शरीराचे तापमान यांसारख्या गोष्टी मर्यादेत ठेवण्याची देहाची क्षमता. देह जन्मतो, मरतो, आपल्यासारखे दुसरे देह निर्माण करतो. म्हणूनच त्याची समस्थिती नैसर्गिक निवडीने समजावून देता येते. हा शब्द जेव्हा पृथ्वीला लावण्यात आला तेव्हा त्याच्यामागचा हा आधार बरोबर आला नाही. पुढील सर्व वादाचे बीज या उसनवारीत आहे.

ही उसनवारी करणारे जेम्स लव्हलॉक (१९१९–२०२२) हे रसायनज्ञ व उपकरणांचे शोधक होते. हवेतील अत्यल्प द्रव्ये ओळखणारे 'इलेक्ट्रॉन कॅप्चर डिटेक्टर' हे उपकरण त्यांनी १९५७ मध्ये सिद्ध केले. १९६१ पासून अमेरिकेच्या अवकाश संस्थेच्या कामात त्यांचा सहभाग होता आणि मंगळावर जीव असल्यास तो कसा ओळखावा, हा तेथील प्रश्न होता. इतर शास्त्रज्ञ मातीचे नमुने तपासण्याची यंत्रे योजत असताना लव्हलॉक यांनी ग्रहाच्या हवेकडेच पाहावे असे सुचविले. डायन हिचकॉक यांच्यासमवेत १९६७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या लेखातील युक्तिवाद असा : पृथ्वीच्या हवेत ऑक्सिजन व मिथेन एकत्र नांदतात. सूर्यप्रकाशात त्यांचा परस्परांशी संयोग होऊन मिथेन नाहीसा व्हावयास हवा. तो टिकतो याचा अर्थ कोणीतरी तो सतत पुरवीत आहे. मंगळाची व शुक्राची हवा मुख्यतः कार्बन डायऑक्साइडची, रासायनिक दृष्ट्या जवळजवळ निवांत झालेली. सबब मंगळ निर्जीव असावा. मंगळाकडे यान पाठविण्याच्या तयारीत असलेल्या संस्थेला हा निष्कर्ष रुचण्यासारखा नव्हता, हे उघड आहे. यान गेले, १९७६ मध्ये उतरले, आणि जीवाचा निर्विवाद पुरावा त्याला मिळाला नाही.

'कोणीतरी' हा शब्द वर मुद्दाम योजला आहे. हवा विषम आहे हे निरीक्षण. ती विषमता दीर्घकाळ स्थिर आहे हे दुसरे निरीक्षण. त्यात ताऱ्यांच्या उत्क्रांतीविषयीच्या एका निष्कर्षाची भर पडली : पृथ्वी निर्माण झाली तेव्हापासून सूर्याची तेजस्विता सुमारे ३० टक्क्यांनी वाढली आहे, तरीही पृथ्वीवरील पाणी बहुतेक काळ द्रवरूप राहिले. येथून 'कोणीतरी ती राखीत आहे' या वाक्यापर्यंतचे अंतर फार थोडे आहे आणि फार मोठेही आहे.

त्या 'कोणीतरी'ला नाव मिळाले ते एका कादंबरीकाराकडून. विल्टशरमधील बावरचॉक या खेड्यात लव्हलॉक यांचे शेजारी असलेले विल्यम गोल्डिंग, ज्यांना १९८३ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले, यांनी १९६० नंतरच्या दशकाच्या उत्तरार्धात ग्रीक भूदेवतेचे नाव सुचविले. लव्हलॉक यांना प्रथम आवर्त या अर्थाचा 'जायर' हा इंग्रजी शब्द ऐकल्याचा भास झाला. हा गैरसमज तसाच राहता तर परिकल्पनेचा इतिहास कदाचित अधिक शांत झाला असता. कारण आवर्ताला हेतू नसतो, देवतेला असतो. पाश्चात्त्य शास्त्रनामांत भूगोल, भूगर्भ व भूमिती या तिन्ही विषयांच्या आरंभी याच देवतेचे नाव उपसर्गासारखे बसलेले आहे. पण तेथे ते झिजून निरुपद्रवी झालेले असते. पूर्ण रूपात ते परत आणले की त्याच्याबरोबर स्त्रीलिंगी सर्वनाम येते, व सर्वनामामागून मन येते.

हे नाव १९७२ मध्ये एका छोट्या पत्ररूप लेखात प्रथम छापले गेले. १९७४ मध्ये लव्हलॉक व सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ लिन मार्गुलिस (१९३८–२०११) यांनी 'टेलस' या नियतकालिकात जो लेख लिहिला, त्याच्या शीर्षकातच वातावरणाची समस्थिती 'जीवावरणाकडून व जीवावरणासाठी' राखली जाते असा दावा होता. व्याकरणाच्या परिभाषेत तेथे तृतीया व चतुर्थी या दोन विभक्ती एकत्र आल्या आहेत. तृतीयेला पुराव्याचा भक्कम आधार होता. ऑक्सिजन व मिथेन जीवांकडून येतात हे कोणी नाकारले नाही. आघात झाला तो चतुर्थीवर. कॅनडातील डब्ल्यू. फोर्ड डूलिटल यांनी १९८१ मध्ये विचारले, की जगाच्या भावी हितासाठी वागण्याची दृष्टी सूक्ष्मजीवांच्या ठिकाणी कोठून यावी? रिचर्ड डॉकिन्स यांनी १९८२ मध्ये आक्षेप घेतला, की अशी व्यवस्था नैसर्गिक निवडीने घडावयाची तर परस्परांशी स्पर्धा करणारे व प्रजोत्पादन करणारे अनेक ग्रह हवेत. पृथ्वी एकच आहे व तिला अपत्ये नाहीत. लव्हलॉक यांनी १९९० मध्ये 'नेचर'मध्ये, आपण व मार्गुलिस यांनी हेतुवाद कधीच मांडला नव्हता, असे लिहिले. त्यांच्या मनात तो नसेलही. १९७४ च्या शीर्षकात तो निःसंशय आहे.

आपल्याकडे या परिकल्पनेचा उल्लेख झाला की अथर्ववेदाच्या बाराव्या कांडातील ६३ ऋचांच्या भूमिसूक्ताची आठवण काढून 'हे आम्हांस पूर्वीच ठाऊक होते' असे म्हणण्याचा मोह होतो. तो आवरणे बरे. सूक्तातील भूमी ही संबोधनाचा विषय आहे. तिला उद्देशून प्रार्थना केलेली आहे. वातावरणाच्या घटकांविषयीचे विधान खरे किंवा खोटे ठरू शकते; संबोधन ठरू शकत नाही. भूमिसूक्ताची थोरवी या तुलनेने वाढत नाही आणि परिकल्पनेचा पुरावाही वाढत नाही.

चतुर्थी काढून टाकूनही नियमन शिल्लक राहते का, हे दाखविण्याचा प्रयत्न १९८३ मध्ये अँड्र्यू वॉटसन व लव्हलॉक यांनी केला. त्यासाठी त्यांनी एक काल्पनिक ग्रह गणितात उभा केला. त्यावर डेझीची दोनच जातींची फुले आहेत, काळी व पांढरी. दोन्ही ५ ते ४० अंश सेल्सियस या मर्यादेत वाढतात व २२.५ अंशांस सर्वांत जोमाने वाढतात. काळी फुले उष्णता शोषून घेतात, पांढरी परतवितात. सूर्य मंद असता काळी फुले आपल्याभोवतीची जागा उबदार करून फोफावतात, त्यायोगे सारा ग्रह तापतो. सूर्य प्रखर होऊ लागला की पांढऱ्यांची सरशी होते व ग्रह निवतो. सूर्याचे तेज दीर्घकाळ वाढत असताही ग्रहाचे तापमान जवळजवळ स्थिर राहते. अखेर एका मर्यादेपलीकडे पांढरी फुलेही तग धरीत नाहीत आणि समतोल एकाएकी कोसळतो. यात कोणत्याही फुलाला ग्रहाची चिंता नाही. प्रत्येक फूल फक्त वाढते. 

मराठीत हा फरक दोन धातूंत नेमका पकडता येतो. 'गाया समतोल राखते' हे १९७४ चे वाक्य. 'समतोल राहतो' हे १९८३ चे. संस्कृत वैयाकरणांनी ज्याला कर्मकर्तरी प्रयोग म्हटले, ज्यात भात आपोआप शिजतो व लाकूड आपोआप फुटते, त्याच्याशी या दुसऱ्या वाक्याचे नाते आहे. कर्म कर्त्याच्या आसनावर बसते, पण त्यामुळे त्याला इच्छा प्राप्त होत नाही.

या गणिताने डूलिटल यांचा आक्षेप पुष्कळ अंशी बोथट केला, पण एक प्रश्न तसाच ठेवला. कल्पित ग्रहावर जे फुलाला हितकर तेच ग्रहाला समतोलकारक, अशी मांडणी आधीच करून ठेवलेली आहे. प्रत्यक्षात ती तशीच असेल याची हमी काय? जेम्स कर्चनर यांनी १९८८ मध्ये सॅन दिएगो येथील परिषदेत व पुढील वर्षीच्या लेखात दाखविले, की 'गाया' हे एक विधान नसून अनेक विधानांची माळ आहे. जीव परिसरावर परिणाम करतात, या सौम्य विधानापासून जीव परिसर स्वतःस सर्वोत्तम होईल असा घडवितात, या उग्र विधानापर्यंत ती पसरते. सौम्य विधाने खरी पण जुनी, उग्र विधाने नवी पण तपासता न येणारी, असा त्यांचा अभिप्राय होता. शिवाय जीवसृष्टी समतोल बिघडवूही शकते. सुमारे २४० कोटी वर्षांपूर्वी वातावरणात साठू लागलेला ऑक्सिजन तत्कालीन अनेक जीवांना विषच होता.

पुराव्याच्या बाजूने पाहता निकाल संमिश्र आहे. वॉकर, हेज व कास्टिंग यांनी १९८१ मध्ये मांडलेल्या उपपत्तीनुसार हवा तापली की पावसाने सिलिकेट खडक वेगाने झिजतात, त्यात कार्बन डायऑक्साइड खर्ची पडतो व हवा पुन्हा निवते. ज्वालामुखी तो वायू सावकाश परत करतात. या नियमनास जीवांची गरज नाही. मुळे व माती ही झीज वाढवितात एवढेच. कारकांच्या भाषेत जीव येथे करण आहे, कर्ता नव्हे. उलट, समुद्रातील सूक्ष्म वनस्पतींपासून निघणारा डायमिथिल सल्फाइड ढग वाढवून हवामान आवरतो, ही लव्हलॉक व त्यांच्या तीन सहकाऱ्यांची १९८७ मधील उपपत्ती जीवांना कर्तेपण देणारी होती. तिचा त्या रूपात पाठपुरावा सोडावा, असे २०११ मध्ये क्विन व बेट्स यांनी 'नेचर'मध्ये प्रतिपादन केले. खडकांच्या नियमनास लक्षावधी वर्षे लागतात. ज्या समाजाने कार्बन डायऑक्साइडचे प्रमाण दोन शतकांत निम्म्याहून अधिक वाढविले, त्याला 'पृथ्वी सावरून घेईल' या वाक्यातील भविष्यकाळ उपयोगाचा नाही.

मार्गुलिस स्वतः पृथ्वीला 'एक जीव' म्हणण्यास तयार नव्हत्या. कोणताही जीव स्वतःच्याच उत्सर्गावर जगत नाही, हे त्यांचे कारण होते. २००१ मध्ये ॲमस्टरडॅम येथे प्रसृत झालेल्या जाहीरनाम्यात पृथ्वीव्यवस्था ही भौतिक, रासायनिक, जैविक व मानवी घटकांची मिळून बनलेली एकच स्वनियामक व्यवस्था असल्यासारखी वागते, असे म्हटले गेले. तेथे देवतेचे नाव नाही, 'साठी' नाही, आणि 'वागते' हे क्रियापद कर्त्याच्या हेतूविषयी मौन पाळते.

प्रश्न मात्र तेथे मिटला नाही. ज्या डूलिटल यांनी १९८१ मध्ये पहिला मोठा आक्षेप घेतला होता, त्यांनीच २०१७ मध्ये 'गाया'ला डार्विनच्या चौकटीत बसविता येईल काय, असा उलट दिशेने विचार केला. त्यांनी निवडीच्या व्याख्येतील क्रियापदच बदलण्याचे सुचविले : निवडले जाण्यासाठी 'प्रजोत्पादन करणे' आवश्यक न मानता 'टिकून राहणे' पुरेसे मानावे. तसे मानले तर अपत्य नसलेली पृथ्वीही निवडीस पात्र ठरते. असे बदललेले क्रियापद डार्विनचेच राहते की नाही, यावर जीवशास्त्रज्ञांचे एकमत नाही.