निपाणीतला एक पट आणि खाडिलकर भगिनी

गेल्या आठवड्यात इथं कोणीतरी निपाणीच्या तंबाखू वखारींचे जुने फोटो टाकले होते. ते बघून आमच्या अण्णांचा बुद्धिबळाचा पट आठवला. लिहायला बसलो आणि विषय थोडा लांबला. सवडीने वाचा.

अण्णा वखारीत दिवाणजी होते. संध्याकाळी बोदांच्या आडोशाला कापडी पट पसरायचा आणि चार माणसं भोवती बसायची. खेळ जुन्या देशी पद्धतीचा. प्यादं एकच घर सरकणार. किल्लेकोट नाही, त्याऐवजी राजाला एकदा घोड्याची उडी. प्यादं पलीकडे पोचलं तर ज्या घरात पोचलं त्या घरचं मोहरं व्हायचं, सरसकट वजीर नाही. अण्णांनी मला आणि माझ्या धाकट्या बहिणीला, बेबीला, हाच खेळ शिकवला. नवे आंतरराष्ट्रीय नियम मी बी.कॉम.ला बेळगावात असताना शिकलो आणि सुट्टीत येऊन बेबीला शिकवले. दिवाळीपासून उन्हाळ्यापर्यंत मी तिला हरवत होतो. त्यानंतर आजतागायत नाही.

आमच्या भागात बुद्धिबळाचं खरं पीठ म्हणजे सांगली. तिथे भाऊसाहेब पडसलगीकरांनी नूतन बुद्धिबळ मंडळ उभं केलं आणि उन्हाळ्यातल्या स्पर्धा वर्षानुवर्षं चालवल्या. स्वाती घाटे ही महिला ग्रँडमास्टर सांगलीचीच. ज्यांच्याविषयी मी लिहिणार आहे त्या खाडिलकर भगिनी मुंबईच्या, पण घराण्याचं मूळ सांगलीत. नाटककार आणि 'नवाकाळ'चे संस्थापक कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर सांगलीचे. त्यांचे नातू नीळकंठ खाडिलकर, आणि त्यांच्या मुली वासंती, जयश्री आणि रोहिणी.

पहिली राष्ट्रीय महिला स्पर्धा 1974 साली भरली, ती बेंगळुरूला. जिंकली वासंतीने. पुढच्या वर्षी जयश्री, आणि 1976 ला रोहिणी, वय वर्षं तेरा! जवळजवळ दहा वर्षं हे विजेतेपद बहुतेक याच एका घरात फिरत राहिलं. जयश्रीला 1979 साली महिला इंटरनॅशनल मास्टर किताब मिळाला. भारतीय महिलांमध्ये ती पहिली. रोहिणी पाच वेळा राष्ट्रीय विजेती. 1981 साली हैदराबादला ती आशियाई विजेती झाली, एकही डाव न हरता. 1983 ला क्वालालंपूरला पुन्हा.

इथे एक गोष्ट मला नेहमी टोचते. ती पहिली स्पर्धा आमच्याच राज्यात झाली. 1956 पासून निपाणी त्या राज्यात, आपली इच्छा असो वा नसो. पण घरात पेपर यायचे ते बेळगाव, कोल्हापूर, पुण्याचे. बेंगळुरूच्या कन्नड-इंग्रजी पेपरात काय छापून येतं ते आम्हाला कळणार कसं? मुंबईच्या मुली बेंगळुरूला जाऊन जिंकून आल्या, आणि निपाणीच्या मुलीला अशी स्पर्धा असते हे कळलं ते निकाल लागल्यावर. सीमाभागात राहण्याची ही किंमत कुठल्या आयोगाच्या अहवालात येत नाही.

आता 1976 ची ती गोष्ट. रोहिणी पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली. तोवर एकही बाई त्या स्पर्धेत खेळली नव्हती. मोठा गदारोळ झाला. प्रकरण उच्च न्यायालयात गेलं आणि निकाल तिच्या बाजूने लागला. जागतिक बुद्धिबळ महासंघाचे अध्यक्ष तेव्हा डॉ. मॅक्स युवे होते. हे स्वतः 1935 ते 1937 जगज्जेते. त्यांनी स्पष्ट सांगितलं की राष्ट्रीय वा आंतरराष्ट्रीय स्पर्धेत बाईला बाई म्हणून अडवता येणार नाही. आणि त्या पोरीने त्या स्पर्धेत तीन राज्यविजेत्यांना हरवलं!

खरं तर बाईने पटावर पुरुषांसमोर बसणं जगाला नवं नव्हतं. व्हेरा मेंचिक 1929 सालीच कार्ल्सबादच्या स्पर्धेत बड्या बड्या पुरुषांत खेळली होती. आपल्याकडची फातिमा, सुलतान खानबरोबर विलायतेला गेलेली, 1933 साली ब्रिटिश महिला विजेती झाली होती. पण हे सगळं आम्ही फार नंतर वाचलं.

आता घरचं सांगतो. 1971 च्या गणेशोत्सवात एका मंडळाने बुद्धिबळ स्पर्धा ठेवली. मी नाव दिलं, बेबीनेही दिलं. ती सोळा वर्षांची. टेबलावरच्या कार्यकर्त्याने नाव खोडलं. "पोरीनं गड्यांच्यात बसून खेळायचं व्हय? बायकांची रांगोळी स्पर्धा हाय की!" आजूबाजूचे हसले. मी शेजारीच उभा होतो. काही बोललो नाही. बोललो असतो तर माझंही नाव गेलं असतं, ही भीती. तिसरं बक्षीस मिळालं, स्टीलचा डबा. तो घरी आणला तेव्हा बेबीने उघडून बघितला आणि म्हणाली, "दादा, झाकण घट्ट बसत नाही." बाकी काही नाही.

रोहिणीची बातमी आली तेव्हा मी बँकेत लागलो होतो. बातमी कापून ठेवली. पुढच्या वर्षी त्याच मंडळाकडे लेखी अर्ज केला, कात्रण जोडून, अगदी बँकेच्या पत्रासारखा, संदर्भ-विषय घालून. कार्यकर्ते बदलले होते, त्यांनी नाव घेतलं. पण पहिल्या फेरीला समोरचा आलाच नाही. दुसऱ्या फेरीचाही नाही. पोरीकडून हरलो तर पेठेत तोंड कसं दाखवायचं? न खेळता बेबी तिसऱ्या फेरीत! तिथे मात्र एक वयस्कर गुरुजी आले, समोर बसले, टोपी काढून बाजूला ठेवली आणि अडीच तास खेळले. बेबी हरली. उठताना गुरुजी म्हणाले, "पोरी, घोडा उशिरा काढलास बग."

रात्री ती म्हणाली, "दादा, आज एक डाव तरी खेळले." पुढच्या वैशाखात लग्न झालं, इचलकरंजीला गेली. स्पर्धा तेवढीच.

त्यानंतर भाग्यश्री साठे-ठिपसे आली, पाच वेळा राष्ट्रीय विजेती. बेबी प्रत्येकीची कात्रणं ठेवायची. गोव्याची भक्ती कुलकर्णी 2016 ला आशियाई विजेती झाली तेव्हा "आता शेजारपर्यंत आलं" म्हणाली.

आणि 28 जुलै 2025 ला नागपूरची दिव्या देशमुख बाटुमीत विश्वचषक जिंकली. वय एकोणीस. समोर कोनेरू हंपी. दोन्ही मोठे डाव बरोबरीत, मग जलद डावांत दीड विरुद्ध अर्धा. त्याच विजयाने ग्रँडमास्टर किताबही मिळाला. बेबी नातवाच्या मोबाइलवर बघत होती. लगेच तिचा फोन आला. मी अभिनंदन करावं तसं काहीतरी बोलायला लागलो, तर मला थांबवून म्हणाली, "दादा, तुझ्याकडे तो डबा आहे का रे अजून?"

आहे. त्यात आमची ही मेथीदाणे ठेवते. झाकण अजून घट्ट बसत नाही.