दामोदर हॉलचा अर्धाच इतिहास का सांगता?

परळच्या दामोदर नाट्यगृहाचा विषय निघाला की गिरणी कामगारांची नाटके, नमन, दशावतार आठवतात. ते खरेच आहे. ना. म. जोशींच्या सोशल सर्व्हिस लीगचे हे सभागृह 1922 साली उभे राहिले. पण 9 मार्च 1924 रोजी बाबासाहेबांनी इथेच सभा बोलावली आणि अस्पृश्यांच्या प्रश्नांसाठी मध्यवर्ती संस्था काढायचे ठरले. 20 जुलैला बहिष्कृत हितकारिणी सभा स्थापन झाली. पुढच्याच वर्षी तिने सोलापुरात वसतिगृह सुरू केले.

2023 मध्ये पुनर्विकासासाठी नाट्यगृह बंद झाले. रंगकर्मी रंगमंचासाठी भांडले, मागणी रास्तच. पण ही वास्तू फक्त नाटकवाल्यांची कशी? ज्यांना देवळात, पाणवठ्यावर मज्जाव होता, त्यांची संघटना या छपराखाली ठरली. नव्या इमारतीत नुसता रंगमंच देऊन भागणार नाही. 9 मार्चची नोंद दर्शनी भिंतीवर हवी.

सेलूकरांनो, आपल्या गावातल्या कोणत्याही सभागृहाच्या खुर्च्या मोजण्याआधी एक विचारा : आंबेडकरी जलशाला तिथे तारीख मिळते का?

जयभीम!