उसाने वेढलेले रान

मॉरिशस म्हटले की आपल्याला दोन गोष्टी आठवतात. एक म्हणजे उडता न येणारा डोडो पक्षी. दुसरी म्हणजे तिथली मराठी माणसे, त्यांचा गणेशोत्सव आणि १९९१ साली तिथे भरलेली जागतिक मराठी परिषद. या गोष्टी आपण वेगवेगळ्या सांगतो. मला मात्र ती एकच गोष्ट वाटते, आणि तिच्या मधोमध ऊस आहे.

डच लोक १५९८ साली बेटावर उतरले. त्यांनी आबनूसाची झाडे तोडली, १६३९ मध्ये ऊस आणला. जहाजांबरोबर उंदीर, डुकरे, माकडे आली. जमिनीवर अंडी घालणारा डोडो त्यांच्यापुढे टिकला नाही. तो दिसल्याची शेवटची खात्रीची नोंद १६६२ ची मानतात. तेव्हा शाहिस्तेखान पुण्यात लाल महालात ठाण मांडून होता. म्हणजे तसे फार जुने नाही.

आपली माणसे गेली ती इंग्रजी अमलात. १८३५ साली गुलामगिरी संपली आणि मळेवाल्यांना मजूर हवे झाले. करारावर साडेचार लाखांवर माणसे गेली, बहुतेक हिंदुस्थानातली. त्यात मुंबई बंदरातून निघालेले कोकणातले आणि देशावरचे मराठी लोकही होते. पोर्ट लुईचा तो धक्का, आप्रवासी घाट, २००६ पासून जागतिक वारसा आहे. ऊस वाढला तसे सपाटीवरचे रान संपले. जमीन मळेवाल्याची, हुकूम त्याचा, घाम आपला. मजुरांच्या इतिहासात हे रान येत नाही आणि पक्ष्यांच्या पुस्तकात हे मजूर येत नाहीत, याचे मला नवल वाटते.

रान उरले ते ब्लॅक रिव्हरच्या कडेकपारीत, जिथे ऊस लावणे शक्य नव्हते. १९९४ साली तिथले सुमारे ६७ चौरस किलोमीटर राष्ट्रीय उद्यान झाले. पण त्याआधीच पक्षी संपत आले होते. मॉरिशस केस्ट्रल हा पाली खाणारा लहानसा शिकारी पक्षी. हिवतापासाठी फवारलेल्या डीडीटीनेही त्याचा घात केला. १९७४ मध्ये रानात माहीत असलेले केस्ट्रल होते चार, आणि त्यांत अंडी घालणारी मादी एकच!

१९७९ साली कार्ल जोन्स हा तरुण तिथे गेला. त्याची युक्ती साधी होती. मादीची पहिली अंडी उचलायची, म्हणजे ती पुन्हा घालते. उचललेली अंडी यंत्रात उबवायची, पिल्ले वाढवून रानात सोडायची, लाकडी पेट्यांची घरटी टांगायची. पुढे गुलाबी पारव्यासाठीही असेच कष्ट घेतले गेले. १९९१ च्या सुमारास रानात जेमतेम दहा उरलेले हे पारवे आज काही शेकडा आहेत. आपल्या पोपटाचा भाऊबंद असलेला तिथला एको पोपटही असाच सावरला.

केस्ट्रलही शेकड्यांत गेला, पण २०१४ साली त्याची नोंद पुन्हा अधिक धोक्यातल्या जातींत करावी लागली. परदेशातून आलेल्या रानपेरूने तिथली झाडी गुदमरते आहे. लोणारच्या विवरात वेड्या बाभळीने काय केले, हे आमच्या मेहकर-लोणारकडच्या लोकांना वेगळे सांगायला नको. मूळचे चांगले रान आता बेटाच्या दोन टक्क्यांहूनही कमी आहे. त्यातल्या काही तुकड्यांना कुंपण घालून डुकरे आणि हरणे बाहेर ठेवतात, आणि आतला रानपेरू माणसे हातांनी उपटतात.