सुलोचनेचा आवाज

मूकपटांवर लिहिताना एक वाक्य ठरलेलं असतं: बोलपट आला आणि सुलोचना संपली. पुण्यात जन्मलेल्या रूबी मायर्स, म्हणजेच सुलोचना, या बगदादी ज्यू मुलीला देखणेपणावर पडदा मिळाला, तोंड उघडायची वेळ आली तेव्हा बिंग फुटलं, असा त्याचा रोख. वर शेपूट असं, की तिनं रंगवलेली कमावती मुलगी म्हणजे मुक्या पडद्यावर खपून गेलेली विलायती नक्कल.

आधी शेपूट पाहू. दिग्दर्शक मोहन भवनानींनी तिला सिनेमात आणलं त्यापूर्वी ती टेलिफोन ऑपरेटर होती. कानाला हेडफोन, समोर भोकाभोकांचा बोर्ड, हातात वायरीची पिन, आणि ओळखदेख नसलेल्यांना दिवसभर ‘नंबर प्लीज’. 1926 साली ‘टेलिफोन गर्ल’मध्ये तिनं नक्कल केली ती कुणाची? स्वतःच्याच नोकरीची? गंमत म्हणजे, जिच्या आवाजाला नावं ठेवतात तिचं पोट सिनेमाआधी आवाजावरच चालत होतं.

अडचण आवाजाची नव्हती, भाषेची होती. हिंदुस्थानी तिला धड येत नव्हती, हे मान्यच. 14 मार्च 1931 ला तिच्याच इंपीरियल कंपनीचा ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट लागला, तो नायिका म्हणून झुबेदाला घेऊन. गोष्ट तिथंच थांबवणारे पुढचं पान उलटत नाहीत. बाई वर्षभर भाषा शिकली आणि 1932 मध्ये ‘माधुरी’ घेऊन परतली. मग ‘इंदिरा एम. ए.’, ‘अनारकली’, आणि 1936 मध्ये ‘बंबई की बिल्ली’. ज्या ‘वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे’त तिनं आठ भूमिका केल्या होत्या, त्याच 1927 च्या मूकपटाचा हा बोलता अवतार. संपलेल्या नटीच्या जुन्या चित्रांवर कुणी पुन्हा पैसे लावतं का? (तिचा पगार मुंबईच्या गव्हर्नरापेक्षा जास्त होता, ही चाहत्यांची लाडकी कथा मी पुराव्यात धरत नाही. गरजही नाही.)

उतार आला, पण ते दशक सरताना. तिचा नेहमीचा नायक दिनशा बिलिमोरिया, त्याचीही चलती तेव्हाच ओसरली. त्याच्या उच्चारांवर कुणी खापर फोडल्याचं माझ्या वाचनात नाही.

1928 आणि 1935 ची अनारकली 1953 च्या ‘अनारकली’त सलीमची आई झाली, हा आक्षेपकांचा शेवटचा पुरावा. पण तोही बोलपटच होता, आणि सलीमच्या आईचे संवाद तिच्याच वाट्याला होते.