पडद्यावरील साक्षीदार

दूरचित्रवाणीवर दुसऱ्या महायुद्धाविषयीचा माहितीपट लागला, की त्यातील जुनी कृष्णधवल दृश्ये आपण निमूटपणे खरी मानतो. निवेदकाच्या शब्दांविषयी एखादे वेळी शंका येते. डोळ्यांनी पाहिलेल्या चित्राविषयी ती सहसा येत नाही. या विश्वासाला धक्का देणारी एक चित्रफीत इतिहासात आहे.

पोलंडमधील वॉर्सा शहरात नाझींनी चार लाखांहून अधिक ज्यूंना भिंतींआड कोंडले होते. मे १९४२ मध्ये एक जर्मन चित्रणपथक त्या वस्तीत आले आणि सुमारे महिनाभर चित्रण करीत राहिले. २२ जुलैपासून तेथील माणसांची ट्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीत रवानगी सुरू झाली. चित्रपट अपूर्णच राहिला. युद्धानंतर त्याची तासाभराची मूक रिळे पूर्व जर्मनीतील अभिलेखागारात सापडली. ध्वनी नाही, निवेदन नाही. म्हणून ती निखळ वास्तव वाटली. अनेक माहितीपटांनी त्यांतील दृश्ये पुरावा म्हणून वापरली.

पुढे १९९८ साली, संकलनात वगळलेले सुमारे अर्ध्या तासाचे चित्रण उजेडात आले आणि सारा बनाव उघड झाला. एकच प्रसंग पुनःपुन्हा चित्रित केलेला होता. उंची कपड्यांतील माणसांना उपाशी भिकाऱ्यांजवळून अनेकदा चालविले होते. कुठे कुठे चौकटीत चुकून कॅमेरा घेतलेला जर्मनही दिसत होता. ज्यू मंडळाचे प्रमुख आदाम चेर्निआकूव यांनी आपल्या रोजनिशीत या चित्रणाच्या नोंदी केल्या होत्या. रवानगी सुरू झाल्यावर दुसऱ्याच दिवशी त्यांनी आपले जीवन संपविले.

भूक खरी होती, रस्त्यावरील प्रेतेही खरी होती. मात्र श्रीमंत ज्यू आपल्याच बांधवांविषयी निष्ठुर असतात, हे दाखविण्यासाठी त्या सत्याशेजारी असत्य मांडून ठेवले होते.

इस्रायली दिग्दर्शिका याएल हेर्सोन्स्की यांनी २०१० साली ‘अ फिल्म अनफिनिश्ड’ या माहितीपटात ही रिळे नव्याने मांडली. त्या वस्तीतून वाचलेल्या वृद्धांना त्यांनी ती दाखविली. पाहताना एका स्त्रीच्या मनात येत होते, की या गर्दीतून चालताना आपली आई तर दिसणार नाही ना! ज्या चेहऱ्यांना चित्रणकाराने केवळ सामग्री मानले, ते त्या क्षणी पुन्हा कुणाचे तरी आईबाप झाले.

खोटी साक्ष देऊ नये, ही आठवी आज्ञा आपण लहानपणीच पाठ करतो. ती केवळ जिभेसाठी नाही. खरे चित्र खोट्या जागी जोडणे हीदेखील खोटी साक्षच होय. म्हणून जुने चित्रण हाती घेणाऱ्याने प्रथम विचारावे: कॅमेरा कोणाच्या हाती होता, कशासाठी होता, आणि काय कापून टाकले? हेच प्रश्न घरी बसून ते पाहणाऱ्या आपणही विचारावेत. कारण पडद्यावरील त्या माणसांना आता स्वतःची बाजू मांडता येणार नाही.