अस्सल, नक्कल आणि रुजवात : वारणाखोऱ्याच्या संदर्भात अभिलेख-रक्षणाचा विचार

पन्हाळा तालुक्यातील कोडोली हे गाव वारणेच्या खोऱ्यात वसलेले असून तात्यासाहेब कोरे यांच्या प्रेरणेने उदयास आलेले वारणानगर त्याच्या निकटच आहे. या सहकारी परिवाराच्या भोवतालच्या ७० गावांसाठी १९९८ साली केंद्र व राज्य शासनाच्या साह्याने ‘वायर्ड व्हिलेज’ योजना हाती घेण्यात आली. उसाची नोंद, तोडणीचा क्रम, वजन आणि देयक ही माहिती त्यायोगे गावोगावच्या संगणकांवर आली. पुढे २००६ च्या सुमारास सात गावांत संगणकाऐवजी मोबाइल दूरध्वनीवरील लघुसंदेश वापरण्याचा प्रयोग झाला. अवघ्या आठ वर्षांत साधन पालटण्याची वेळ आली. शेतकऱ्याच्या हिशेबाचे महत्त्व मात्र तसेच राहिले. नोंदीचे आयुष्य साधनाच्या आयुष्याहून दीर्घ असावे लागते. ते कसे साधावयाचे, हा प्रश्न या भूमीस नवा नाही.

पन्हाळ्याशी निगडित असलेला शिलाहार राजा दुसरा भोज याचा शके १११३ (इ. स. ११९१) चा कशेळी ताम्रपट सुप्रसिद्ध आहे. आठशेहून अधिक वर्षे तो टिकला, याचे श्रेय सहजच धातूस दिले जाते. परंतु तांबे वितळविता येते आणि बनावट ताम्रपटही आढळतात. माध्यमाचा टिकाऊपणा आणि मजकुराची विश्वसनीयता या दोन भिन्न गोष्टी होत, हे ताम्रपटांच्या अभ्यासकास प्रथमच शिकावे लागते.

कागदाचा काळ अधिक बोधप्रद आहे. १६८९ साली रायगड मोगलांच्या हाती पडला. शिवकालीन मध्यवर्ती दप्तराचा फारच थोडा अंश आज उपलब्ध आहे. तथापि त्या काळची वतनपत्रे व इनामपत्रे ठिकठिकाणच्या घराण्यांत सापडली. याचे कारण तत्कालीन लेखनव्यवहारातच आहे. सनदेच्या अखेरीस बहुधा अशी आज्ञा असे की, स्थानिक अधिकाऱ्यांनी पत्राची नक्कल ठेवून घ्यावी व अस्सल पत्र भोगवट्यासाठी धन्यास परत द्यावे. त्यामुळे एकच मजकूर हुजूर दप्तरात, परगण्याच्या दप्तरात आणि वतनदाराच्या घरी अशा निरनिराळ्या छपरांखाली राहिला. वि. का. राजवाडे यांनी १८९८ पासून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ प्रसिद्ध केली, ती मुख्यतः अशा विखुरलेल्या संग्रहांच्या बळावरच होय.

नक्कल असणे पुरेसे नसते. ती अस्सलाशी ताडून पाहावी लागते. जुन्या दप्तरी परिभाषेत यास रुजवात म्हणत. पुण्याच्या भांडारकर संस्थेने महाभारताची चिकित्सक आवृत्ती १९६६ साली पूर्ण केली, तेव्हा अनेक प्रांतांतील व लिप्यांतील हस्तलिखिते परस्परांशी ताडून पाठ निश्चित करण्यात आले. प्रतीत शिरलेला दोष दुसऱ्या स्वतंत्र प्रतीवाचून उघडकीस येत नाही, हे तत्त्व तेथे भव्य प्रमाणावर सिद्ध झाले.

चुंबकीय तबकडीचा इतिहास या पार्श्वभूमीवर पाहणे उचित ठरेल. १९५६ साली आयबीएम कंपनीने ‘रामॅक’ यंत्र बाजारात आणले. त्यात २४ इंच व्यासाच्या ५० तबकड्या असून सुमारे ५० लक्ष अक्षरे मावत. आज तळहातावर राहणाऱ्या हार्ड डिस्कमध्ये कित्येक टेराबाइट मजकूर साठतो. परंतु वेगाने फिरणारी तबकडी आणि तिच्यापासून अत्यल्प अंतरावर तरंगणारे वाचनशीर्ष ही मूळ रचना कायम असून यांत्रिक झीज टळलेली नाही.

अशा तबकड्यांच्या विश्वसनीयतेविषयी २००७ साली दोन महत्त्वाचे अभ्यास प्रसिद्ध झाले. कार्नेगी मेलन विद्यापीठाच्या श्रोडर व गिब्सन यांनी सुमारे एक लक्ष तबकड्यांची नोंद तपासली. उत्पादकांच्या पत्रकांनुसार वार्षिक बिघाड अधिकाधिक ०.८८ टक्के असावयास हवा होता. प्रत्यक्षात बदलाव्या लागलेल्या तबकड्यांचे प्रमाण सामान्यतः २ ते ४ टक्के आणि काही ठिकाणी १३ टक्क्यांपर्यंत आढळले. गूगलच्या संशोधकांना असे दिसले की, बिघडलेल्या तबकड्यांपैकी निम्म्याहून अधिक तबकड्यांनी स्वपरीक्षणाच्या प्रमुख निकषांवर कोणतीही पूर्वसूचना दिली नव्हती. उत्पादकाचे अभिवचन आणि यंत्राची स्वतःविषयीची ग्वाही, दोन्ही साक्षी अपुऱ्या ठरल्या.

बिघाडाचे वार्षिक प्रमाण २ टक्के धरल्यास दोन तबकड्या त्याच वर्षी बिघडण्याची संभाव्यता दहा हजारांत चार इतकी अल्प होते. परंतु हे गणित दोन्ही बिघाड परस्परांहून स्वतंत्र असतील तरच खरे. एकाच कारखान्यातील एकाच वेळच्या दोन तबकड्या एकाच कपाटात ठेवल्यास हे स्वातंत्र्य नष्ट होते. २००५, २०१९ आणि २०२१ साली कोल्हापूर परिसराने महापूर अनुभवला. पाणी अस्सल आणि नक्कल असा भेद करीत नाही. २०११ साली थायलंडमधील महापुराने तर हार्ड डिस्कचे कारखानेच बुडविले आणि जगभर त्यांच्या किमती चढल्या. ज्या संकटाने प्रत नष्ट होते त्याच प्रकारच्या संकटाने नवी तबकडीही दुर्मिळ झाली, ही घटना लक्षणीय आहे.

या विवेचनास व्यावहारिक महत्त्व आहे. कोल्हापूर पुरालेखागारातील संस्थानी कागदपत्रे असोत, वा कोडोलीसारख्या गावांतील घरोघरचे मोडी रुमाल असोत, त्यांचे अंकीय प्रतिमांत रूपांतर करणे इष्टच होय. आठ इंच रुंद व तेरा इंच लांब पानाची, इंचास ४०० बिंदू या प्रमाणाची असंकुचित रंगीत प्रतिमा सुमारे ५० मेगाबाइटची होते. म्हणजे एक लक्ष पानांस ५ टेराबाइट जागा लागते. एवढा संग्रह एकाच तबकडीत सहज मावतो, आणि धोका नेमका या सुलभतेत आहे. पूर्वी शेकडो रुमालांचा नाश होण्यास वाळवीला वर्षे लागत. आता एक शीर्ष तबकडीवर घासले की क्षणात सारे संपते.

तेव्हा ‘कोणती तबकडी उत्तम?’ या प्रश्नास इतिहासाचे उत्तर असे की, तबकडीची निवड दुय्यम असून व्यवस्थेची निवड प्रथम आहे. निरनिराळ्या बनावटीच्या किमान तीन प्रती असाव्यात. त्यांपैकी एक पूररेषेबाहेरच्या दुसऱ्या गावी असावी. ठरावीक काळाने तपासणी-अंकांच्या आधारे त्यांची रुजवात व्हावी आणि तबकडी बिघडण्याची वाट न पाहता काही वर्षांनी मजकूर नव्या माध्यमात उतरवावा. मूळ कागद मात्र प्रतिमा घेतल्यावरही जपलाच पाहिजे, कारण कागद, शाई व शिक्का यांची साक्ष प्रतिमेत पूर्णपणे उतरत नाही. जुन्या दप्तरदारास यातील एकही नियम अपरिचित वाटला नसता. वारणाखोऱ्यातील शेतकऱ्यांच्या ऊस-नोंदी उद्याच्या आर्थिक इतिहासाची प्रथम श्रेणीची साधने आहेत. त्या उद्याच्या संशोधकास मिळतील की नाही, हे आज त्यांच्या नकला कोठे व कशा ठेविल्या जातात यावर अवलंबून आहे.